सारवलेल्या जागी चप्पल

नवं माणूस घरात आलं की माझी नजर आधी त्याच्या पायांकडं जाते, चेहऱ्याकडं नंतर. लोकांना ते विचित्र वाटतं. एकदा एका पाहुण्यानं तर माझा डोळा त्याच्या नव्या चपलेवर आहे असं समजून ती उचलून आत आणून ठेवली होती. पण सवय लागली ती लागली. दोन हिवाळ्यांमागं चाळीसभर टर्कींचे तळपाय मी रोज उलटे करून बघत होते. कुठला खरखरीत झालाय, कुठल्याला खपली धरलीय, कुठला गरम लागतोय, हे मला डोळे मिटून सांगता आलं असतं.

आणि ज्या दोन तळपायांची जिम्मेदारी डॉक्टरांनी माझ्यावर टाकली होती, ते मात्र मी बघत नव्हते. ते माझ्या सासूचे होते.

आमच्या भागात सासूला आत्या म्हणतात. आत्याला बरीच वर्षं शुगर आहे. त्या हिवाळ्याच्या वर्षभर आधी शेतात तिच्या डाव्या पायात बाभळीचा काटा मोडला. तिला कळलंच नाही. करंगळी काळी पडली आणि वास यायला लागला तेव्हा आम्ही तिला लातूरला नेलं. दुसऱ्या दिवशी करंगळी काढून टाकली. घरी सोडताना डॉक्टरांनी मला दाराशी थांबवलं आणि म्हणाले, "यांच्या तळपायांना जाणीव राहिलेली नाही. काही रुतलं तरी दुखणार नाही. तुम्ही रोज संध्याकाळी दोन्ही तळवे बघायचे. आणि ही मऊ चप्पल घरातसुद्धा पायातून काढायची नाही. पुढच्या वेळी बोटावर भागणार नाही, हे लक्षात ठेवा."

मी मान हलवली. चप्पल निळी होती, लोण्यासारखी मऊ. आत्यानं ती घरी आणून पिशवीतच ठेवली. लातूरला तपासणीला जायचं असलं की पिशवी उघडायची, चप्पल पायात घालायची, आणि आल्यावर फडक्यानं पुसून पुन्हा पिशवीत. लग्नातला शालू कुणी इतका जपला नसेल.

पाय बघू देणं तर दूरच. संध्याकाळी मी चष्मा लावून तिच्या बाजेजवळ बसले की ती पाय लुगड्यात ओढून घ्यायची.

"सुनंनं पाय धरावं ते सणावाराला. रोज उठून काय बघायचंय?"

"आत्या, डॉक्टरांनी सांगितलंय."

"सांगंना का. माझं पाय माझ्यापाशी हायेत, कुठं पळून चाललेत का?"

मी भांडले, रुसले, मालकांना सांगते म्हणून धमकी दिली. आमचे मालक एसटीत कंडक्टर. लातूर-नांदेड मार्गावर त्यांची ड्युटी. गाडीभर माणसांना दम देऊन आत सरकवणारा हा माणूस आईपुढं मात्र तोंड उघडत नाही. महिनाभर मी नेट धरला आणि मग सोडून दिलं. मी तापट आहे. तापट माणसं लवकर पेटतात आणि लवकर थकतात. "नसेल बघू द्यायचं तर नका देऊ," असं मनात म्हणून मी माझ्या कामाला लागले, आणि तेव्हा माझ्यापाशी काम भरपूर होतं.

कारण घरात टर्की आल्या होत्या. मालकांना त्यांच्या गाडीत भोकरकडचा एक प्रवासी भेटला. त्याचा टर्कीचा फार्म होता. बायकोनं दहा वेळा सांगितलेली गोष्ट यांना पटत नाही, प्रवाशानं एकदा सांगितलेली पटते. पुढच्या महिन्यात खोक्यात पिल्लं घेऊन हे लातूरजवळच्या मुरुडच्या स्टँडवर उतरले. "पिल्लांचं अर्धं तिकीट तरी फाडलंत का?" असं मी विचारलं, पण हे आनंदात होते, हसले नुसते. गाव मुरुडपासून जवळच. घरामागं पत्र्याची शेड उभी केली, बाजूंना जाळी लावली, खाली मुरूम टाकून चोपला.

आत्यानं पहिल्या दिवशी पिल्लांकडं बघून नाक मुरडलं. पुढं ती मोठी झाली, नरांच्या चोचीवर लाल सोंड लोंबायला लागली, तेव्हा म्हणाली, "मोर म्हणावा तर मोर न्हाई, कोंबडा म्हणावा तर कोंबडा न्हाई. आन् नाकावर ह्ये काय लोंबून राहिलंय?" पण तोवर ती त्यांच्यात पुरती अडकली होती. कुकरची शिट्टी झाली की शेडमधले सगळे नर एकदम गुडगुडगुड करून उत्तर द्यायचे आणि आत्या खुदकन हसायची. सगळ्यात मोठा नर तिनं पिल्लू असल्यापासून मांडीवर घेऊन चारलेला. त्याला ती थोरला म्हणायची.

शेडची देखभाल ती करायला लागली याचं मला आधी बरंच वाटलं. त्यामागचं कारण मला नंतर कळलं. घर बांधलं तेव्हा आम्ही सगळीकडं फरशी बसवली आणि आत्याच्या हाताला सारवायला वितभर जागा उरली नाही. जन्मभर दर शुक्रवारी शेणाचा पो घेऊन बसलेली बाई. तिचे हात रिकामे पडले होते. शेडमधला मुरूम बघून त्या हातांना काम सापडलं. रोज सकाळी दारात आणि दारातून आत चार पावलं सडा. दर शुक्रवारी पक्षी बाहेर काढायचे, खालचं अंथरूण एका बाजूला लोटायचं, अर्धी शेड सारवायची, मग ते अंथरूण त्यावर पसरून उरलेली अर्धी. गुडघे धरून उठायची, पण चेहऱ्यावर समाधान मावत नसे.

आणि सारवलेली जागा म्हटल्यावर तिथं पायात काही चालत नाही. मी एकदा म्हटलं, "आत्या, निदान शेडात तरी ती निळी चप्पल घाला." तर तिनं माझ्याकडं असं बघितलं, जणू मी देव्हाऱ्यात बूट ठेवायला सांगितलेत.

"सारवलेल्या जागी चप्पल घालून कोण चालतं गं? तुझ्या माहेरी चालत व्हते का?"

माझ्या माहेरीही चालत नव्हते. मीही चप्पल बाहेर काढूनच आत जायची.

पक्ष्यांच्या पायांखालचं जे अंथरूण म्हणते, ते माझं डोकं. भोकरच्या त्या माणसानं भाताचा तूस घाला म्हणून सांगितलं होतं. आमच्याकडं भात कुठला? तूस विकत आणायचा म्हटल्यावर मी म्हणाले, घरचं असताना विकतचं कशाला? सोयाबीन नुकतंच काढलेलं, भुसकटाचा ढीग बांधावर पडलेला. तोच शेडात पसरला. शेजारणी यायच्या, जाळीतून बघायच्या आणि म्हणायच्या, "बसून जेवावं अशी ठेवलीय की." आम्हा दोघी सासू-सुनांचं एरवी कशावर एकमत होत नाही, पण ते ऐकून दोघींच्या माना ताठ व्हायच्या.

दिवाळी होऊन गेली. एके दिवशी कुकरची शिट्टी झाली, सगळे नर ओरडले, आणि थोरला बसल्या जागेवरून ओरडला. उठला नाही. "खाऊन खाऊन सुस्तावलाय," मी म्हणाले. आणखी चार दिवसांनी दाणे टाकले तर हा सगळ्यांच्या मागून आला, आणि तोही तापल्या तव्यावर पाय पडावा तसा एकेक पाय उचलत. मी त्याला आडवा पाडला. तळपायाच्या मधोमध काळी खपली होती, तिच्याभोवती सूज, आणि हात लावला तर गरम. दुसरा पक्षी धरला, तसंच. तिसरा धरला. निम्म्याहून जास्त पक्ष्यांच्या तळव्यांना कमी-अधिक तेच. इतके दिवस मी त्यांची पिसं बघत होते, तुरे बघत होते, दाणा बघत होते. ज्यावर ते उभे होते ते एकदाही बघितलं नव्हतं.

आत्या म्हणाली, "नजर लागली. त्या बाया येऊन येऊन बघून राहिल्या ना." तिनं मीठ-मोहऱ्या ओवाळून टाकल्या. मी फोन करून मालकांवर तोंड सोडलं, "तुमच्या त्या भोकरच्या पाहुण्यानं रोगट पिल्लं गळ्यात मारली." ते म्हणाले, "त्याच्याकडं एक बी पक्षी लंगडत न्हाई. मी डोळ्यानं बघून आलो." मग मला आणखीच राग आला, कारण ते खरं असणार हे मला कळत होतं.

तालुक्याहून जनावरांचे डॉक्टर आले. शांत माणूस. शेडच्या दाराशी आले तसं आत्यानं हटकलं, "साहेब, पायातलं भाईर काढा. सारवलंय."

मी डोळ्यांनी खुणावत होते की राहू द्या, पण त्यांनी मुकाट्यानं बूट काढले आणि मोज्यांनी आत शिरले. चार पावलं गेले आणि थांबले. एक पाय उचलला, मोज्याचा तळ बघितला. मग दुसरा. पक्ष्याला त्यांनी अजून हातही लावला नव्हता.

"ताई," ते म्हणाले, "माझा मोजा ओला झाला. यांना तर मोजेही नाहीत."

वरचं भुसकट कोरडं दिसत होतं. त्यांनी खालून एक मूठ उपसली, दाबली आणि तळहात उघडला. भुसकटाचा लाडू झाला होता, सुटायला तयार नव्हता. "हे असं दाबल्यावर मोकळं व्हायला पाहिजे. खालून सगळं ओल धरून बसलंय, त्यात विष्ठा. चोवीस तास हे त्याच्यावर उभे. इतका जड पक्षी, कातडी किती टिकणार? इथं पाणी कोण टाकतं?"

मी तिथं काय बोलायला हवं होतं हे मला आजही माहीत आहे. मी म्हणाले, "आत्याच सारवतात. रोज सडा, दर शुक्रवारी शेण. मी कितीदा सांगितलं."

कितीदा काय, मी एकदाही सांगितलं नव्हतं. आत्या दारातच उभी होती. तिनं माझ्याकडं बघितलं नाही. डॉक्टर तोवर मोज्यात रुतलेलं काहीतरी चिमटीनं उपसत होते. सोयाबीनची काडी होती, बोटाच्या पेराएवढी, टोकाला तासल्यासारखी.

"आणि हे? हे अंथरूण कुणाचं?"

आता माझी पाळी होती. "माझं," मी म्हणाले.

"ओल्यानं कातडी मऊ पडते आणि मऊ कातडीत हे घुसतं. नुसतं ओलं असतं तर इतकं झालं नसतं, नुसतं टोचरं असतं तरी इतकं झालं नसतं." त्यांनी ते अगदी साधेपणानं सांगितलं, कुणाला बोल लावायचा म्हणून नाही. पण आम्ही दोघी शाळेत उभं केलेल्या पोरींसारख्या खाली बघत होतो.

मग त्यांनी थोरल्याला घेतलं, त्याचा पाय उलटा केला, अंगठ्यानं दाबत बघत राहिले. आत्या पुढं झाली. तिचा आवाज एकदम बारीक झाला होता.

"साहेब, पाय कापावा लागंल का त्याचा?"

डॉक्टर हसले. "कापायचं कशाला मावशी? वेळेत बघितलंय. जागा कोरडी करा, रोज धुवा, औषध लावा, भरून येईल. बघितलंच नाही तर मात्र आत हाडापर्यंत जातं." आणि बूट घालता घालता मला म्हणाले, "हे पक्षी दुखतंय म्हणून ओरडत नाहीत ताई. नुसते बसून राहतात. बसलेला दिसला की समजायचं."

त्या दिवसापासून सडा बंद, सारवण बंद. सगळं भुसकट मी उपसून उकिरड्यावर टाकलं. मालकांनी धर्माबादकडच्या एका भात गिरणीतून तुसाची पोती टेम्पोत घालून पाठवली. मुरूम पुरता वाळवून तूस पसरला, पाण्याची भांडी विटांवर उंच ठेवली, आणि रोज सकाळी दाताळ्यानं तूस खालीवर करायचा नेम धरला. आत्या यातल्या कशातच आली नाही. ती उन्हात बाज टाकून बसून असायची. चहा दिला की घ्यायची, विचारलं की हूं म्हणायची. मला वाटलं, रुसलीय. रुसणारच. परक्या माणसासमोर मी तिला उघडं पाडलं होतं, आणि तेही खोटं बोलून.

पक्ष्यांचे पाय धुणं एकटीला जमेना. बाकीच्यांचं कसंतरी उरकलं, पण थोरल्यानं पंखाचा असा फटका मारला की चष्मा तुसात जाऊन पडला. मी चष्मा शोधत असताना बाज करकरली. आत्या हळूहळू चालत आली, जोत्यावर बसली आणि हात पुढं केले.

"दे हिकडं. तुला धरता येईना."

तिनं त्याला मांडीवर घेतलं, पदर त्याच्या डोक्यावर टाकला, आणि तो भलादांडगा नर लेकरासारखा गप झाला. मी कोमट पाण्यात लाल औषध घालून पाय धुतला, खपलीवर मलम लावलं, पट्टी बांधली. मग दुपारचा हाच कार्यक्रम होऊन बसला. ती धरायची, मी धुवायची. दोघी समोरासमोर, मध्ये पक्षी. तिसऱ्या की चौथ्या दिवशी मी म्हणाले, "आत्या, त्या दिवशी मी तसं बोलायला नको होतं. मी तुम्हाला कधीच सांगितलं नव्हतं."

ती थोरल्याच्या मानेवरून हात फिरवत होती. "सारवण म्या केलं, ते खरंच हाय ना? माझी आई म्हणायची, सारवलेल्या घरी रोगराई येत न्हाई. म्या तेच केलं." जरा वेळानं म्हणाली, "आन् तू बी काय वाईट केलंस? घरचं व्हतं ते घातलंस."

मला रडू आलं. औषधाचा वास डोळ्यांना झोंबतो असं सांगून मी ते पुसलं. सासूनं मला इतक्या वर्षांत जितके टोमणे मारले असतील, ते सगळे त्या एका वाक्यात फिटले.

मधल्या दिवसांत ती एकदा म्हणाली होती, "अंग कणकणून राहिलंय." थंडीचं असेल म्हणून मी काढा करून दिला. दुपारचा तास सोडला तर ती बाजेवर बसूनच असायची, हेही दिसत होतं. दिसत होतं, पण मी त्याचा अर्थ माझ्या सोयीनं लावला होता.

महिना होत आला तेव्हा एका दुपारी थोरल्याची खपली पाण्यात आपोआप सुटली. खाली नवी कातडी होती, गुलाबी, पातळ. आत्यानं वाकून बघितलं. अंगठा अगदी हलकेच त्यावरून फिरवला.

"कापला न्हाई डॉक्टरनं," ती म्हणाली.

"न्हाई कापला. ते म्हणालेच होते की."

"म्हणत्यात गं सगळेच." मी पट्टी गुंडाळत होते. मग ती खाली बघूनच बोलायला लागली. "लातूरला त्या डॉक्टरनं माझा पाय हातात घेतला, असं उलटंपालटं करून बघितलं. काय बोलला न्हाई. आन् दुसऱ्या दिशी बोट न्हाई. तवापासून कुणी पाय बघाया लागलं की लुगड्यात वढून घेती. वाटतं, बघितलं की कापलंच."

इतके महिने मी तिला हट्टी समजत होते. हट्ट कुठला, भीती होती ती. सुनेनं पाय धरावेत का न धरावेत, सणवार, रीतभात, हे सगळं तिनं त्या भीतीवर पांघरलं होतं. आणि मी वरचं पांघरूण ओढत भांडत बसले होते.

तिनं थोरल्याला खाली सोडलं. तो चार पावलं चालला, तुसावर, सरळ. ती त्याच्याकडं बघत राहिली. मग तिनं लुगडं जरा वर घेतलं आणि उजवा पाय उचलून माझ्या मांडीवर ठेवला, मघाशी थोरल्याचा पाय होता त्याच जागी.

"आता ह्यो बघ," ती म्हणाली.

तो पाय मी हातात घेतला तेव्हा पहिली गोष्ट कळली ती ही, की तो गरम होता. टाचेला भेगा होत्या, त्यांत मुरमाची जुनी लाली. अंगठ्याच्या खाली एक काळा ठिपका होता. चिखल असेल म्हणून ओल्या कापसानं पुसला. गेला नाही. जरा जोरानं पुसला तर बाजूनं पिवळं पाणी आलं आणि बोटाला काहीतरी टणक लागलं. मी वर बघितलं. आत्या थोरल्याचं चालणं बघत होती. मी तिच्या जखमेत बोट दाबत होते आणि तिला पत्ता नव्हता.

ते टणक काय आहे हे मला ओळखायला वेळ लागला नाही. टोक वर आलं होतं, तासल्यासारखं. सोयाबीनची काडी. शेडमधून सगळं भुसकट मी माझ्या हातानं उपसून टाकलं होतं. त्यातली ही एक काडी महिनाभर आत्याच्या पायात राहिली होती. घरचं असताना विकतचं कशाला, असं म्हणून मी जे मिरवलं होतं, ते तिच्या तळपायात जाऊन बसलं होतं. दिव्याखाली अंधार म्हणतात, पण इथं दिवाही मीच आणि अंधारही मीच.

"काय हाय?" तिनं विचारलं.

खोटं बोलायचा मोह झाला. "काडी रुतलीय," मी म्हणाले. "माझ्या भुसकटाची. आत्या, उद्या पहिल्या गाडीनं लातूरला जायचं."

पाय तिनं ओढून घेतला नाही.

सकाळी निघताना तिनं स्वतःच पिशवी उघडून निळी चप्पल घातली. गाडीत ती खिडकीशी बसली आणि माझं मनगट धरलं ते लातूरपर्यंत सोडलं नाही. डॉक्टरांनी पाय हातात घेतला, उलटापालटा करून बघितला, काही बोलले नाहीत. मी आत्याकडं बघितलं. तिचे ओठ पांढरे पडले होते.

"कापायचं का?" तिनं विचारलं.

डॉक्टरांनी मान वर केली. "काडी काढायची. जखम आतून साफ करायची. पाच-सहा दिवस इथं राहायचं. कापायचं नाही." मग माझ्याकडं वळून म्हणाले, "आठवड्यानं आला असतात तर मला हे सांगता आलं नसतं. रोज बघत होतात, म्हणून सापडलं."

रोज बघत नव्हते, हे सांगायला माझं तोंड उघडलं होतं. आत्यानं माझं मनगट दाबलं आणि म्हणाली, "व्हय, लई बघती ती." मी बाहेर व्हरांड्यात आले आणि भिंतीकडं तोंड करून पोटभर रडले. त्या माउलीनं डॉक्टरांसमोर मला झाकलं होतं. मी तिला झाकलं नव्हतं.

जखम भरायला थोरल्यापेक्षा कितीतरी जास्त दिवस लागले. उन्हाळा लागला तेव्हा कुठं कातडी जुळली. शेडच्या बाहेर, दारापासून लांब, पाण्याचा संबंध येणार नाही अशा ठिकाणी मी तिच्यासाठी चार हात जागा मातीनं लिंपून दिली आहे. दर शुक्रवारी ती तिथं सारवते. मग निळी चप्पल घालून त्याच सारवलेल्या जागेवरून चालत शेडकडं येते. पहिल्या दिवशी पाऊल टाकताना तिनं कानाला हात लावून आपल्या आईची माफी मागितली होती. आता नुसतीच येते. चप्पल पार मळली आहे.

थोरला अजून आहे. त्याला विकायचा विषय मालकांनी एकदा काढला होता, पुन्हा काढला नाही.

संध्याकाळी मी पक्ष्यांचे पाय बघून येते तोवर आत्या बाजेवर पाय पसरून बसलेली असते. उशीर झाला की हाक मारते. मी चष्मा पुसते, आधी डावा घेते, करंगळीची रिकामी जागा, मग उजवा, अंगठ्याखालचा वण. बोटांच्या मध्ये बघते, टाचांच्या भेगांत बघते.

"काही न्हाई आत्या," मी म्हणते.

"नीट बघ," ती म्हणते.